साहित्य : माणूस

तुमच्या प्रयोगवहीची मांडणी ठरलेली असते. उद्देश, साहित्य, कृती, निरीक्षणे, अनुमान. ‘साहित्य’ या मथळ्याखाली तुम्ही चंचुपात्र, तापमापी, लंबक, स्टँड अशा वस्तू लिहिता. साहित्याला आपण काही विचारीत नाही. तापमापीची परवानगी घेऊन कोणी तिला उकळत्या पाण्यात बुडवीत नाही; ती फुटली तर कपाटातून दुसरी काढून देतात आणि पहिलीची नोंद ‘मोडतोड’ या सदरात करतात.

१९३२ ते १९४५ या काळात जपानी लष्कराच्या काही तुकड्यांनी चीनच्या भूमीवर असे प्रयोग केले, की ज्यांत साहित्य म्हणून जिवंत माणसे वापरली गेली. हे काम गुंडपुंडांचे नव्हते. जपानच्या नामवंत विद्यापीठांत शिकलेल्या डॉक्टरांनी, जंतुशास्त्रज्ञांनी आणि शरीरक्रियाशास्त्रज्ञांनी ते केले. त्यात उद्देश होता, कृती होती, मोजमापे आणि तक्तेही होते. म्हणूनच विज्ञानाच्या मासिकात या विषयाला जागा हवी. विषय कठीण आहे. अंगावर काटा आणणारे तपशील मी शक्य तेवढे टाळणार आहे. पण जे घडले ते नावानिशी आणि सालासकट सांगणे भाग आहे.

पाण्याची गाळणी

शिरो इशी हा या हकिगतीतील मुख्य माणूस. जन्म १८९२ सालचा, टोकिओच्या शेजारच्या चिबा प्रांतातला. क्योतोच्या शाही विद्यापीठातून १९२० साली वैद्यकीची पदवी घेऊन तो लष्करात डॉक्टर झाला. पुढे १९२५ साली जिनिव्हा येथे एक आंतरराष्ट्रीय करार झाला आणि युद्धात विषारी वायू व रोगजंतू वापरण्यास बंदी घालण्यात आली. जपानने त्यावर सही केली, पण करार रीतसर मान्य करायला १९७० साल उजाडले. (अमेरिकेनेही तो १९७५ सालापर्यंत मान्य केला नव्हता, हे लक्षात असू द्या.) इशीने या करारातून उलटाच धडा घेतला. ज्या शस्त्रावर सगळी राष्ट्रे मिळून बंदी घालतात ते शस्त्र प्रभावी असलेच पाहिजे, असा त्याचा युक्तिवाद होता. १९२८ पासून सुमारे दोन वर्षे युरोप-अमेरिकेत हिंडून तो परतला आणि हे पटवून देण्यासाठी वरिष्ठांच्या मागे लागला.

याच इशीच्या नावावर एक खरोखर उपयुक्त वस्तूही आहे. ती म्हणजे ‘इशी गाळणी’. डायाटम नावाच्या सूक्ष्म शैवलांच्या कवचांपासून बनलेली माती भाजली, की तिच्यात असंख्य बारीक छिद्रे राहतात. साधारण रोगजंतू एक मायक्रॉन, म्हणजे मिलिमीटरच्या एक हजारांश भागाएवढा असतो. पाण्याचा रेणू त्याहून सुमारे तीन हजार पटींनी लहान. तेव्हा छिद्रांचा आकार जंतूपेक्षा लहान राखला, तर पाणी पंपाने दाबून पार काढता येते आणि जंतू मागे अडकतात. रणभूमीवर गोळ्यांपेक्षा पटकी आणि विषमज्वर यांनीच अधिक सैनिक मरतात, हा लष्करांचा जुना अनुभव आहे. त्यामुळे गाळणीने इशीचे वजन वाढले आणि पुढे त्याच्या संस्थेला नावही तिच्यावरूनच मिळाले : ‘क्वांतुंग सेनेचा रोगप्रतिबंध व जलशुद्धीकरण विभाग’. हे नाव संपूर्ण खोटे नव्हते, आणि म्हणूनच ते उत्तम आडोसा ठरले.

पिंगफांग

१९३१ च्या सप्टेंबरात जपानच्या क्वांतुंग सेनेने मांचुरियावर, म्हणजे चीनच्या ईशान्य भागावर चढाई केली आणि दुसऱ्या वर्षी तेथे ‘मांचुकुओ’ नावाचे बाहुले राज्य उभे केले. टोकिओत जे करता येणार नाही ते येथे करता येईल, हे इशीने ओळखले. हार्बिन शहराच्या दक्षिणेस बेयिन्हे या ठिकाणी त्याने पहिला तळ उभारला. १९३४ साली तेथून काही कैदी निसटले आणि तो तळ मोडावा लागला. १९३६ मध्ये सम्राटाच्या हुकमाने विभागाची अधिकृत स्थापना झाली आणि हार्बिनपासून सुमारे २४ किलोमीटरवर, पिंगफांग येथे नवे केंद्र बांधण्यात आले. सुमारे ६ चौरस किलोमीटर जागा, दीडशेच्या आसपास इमारती, स्वतःचे वीजघर, विमानांची धावपट्टी, नोकरवर्गासाठी वसाहत आणि मुलांसाठी शाळा. नोकरवर्ग भरात असताना सुमारे तीन हजार होता. १९४१ साली या विभागाला एक गुप्त क्रमांक मिळाला, ७३१. आज जग त्याला याच आकड्याने ओळखते.

मधोमध एक चौकोनी, चौसोपी इमारत होती. तिच्या अंगणात दोन तुरुंग अशा रीतीने बांधले होते, की बाहेरून ते दिसू नयेत. आसपासच्या लोकांना सांगितले होते, की येथे लाकडाची वखार आहे. तेव्हापासून आतल्या कैद्यांना ‘मारुता’ म्हणू लागले. जपानी भाषेत मारुता म्हणजे लाकडाचा ओंडका. आज किती ओंडके आले, किती संपले, अशी बोलण्याची रीत पडली.

हे कैदी कोण होते? बहुतेक चिनी, काही रशियन, मंगोल आणि कोरियन. जपानी लष्करी पोलीस ज्यांना हेर किंवा प्रतिकार करणारे ठरवीत त्यांना न्यायालयात न नेता ‘विशेष पाठवणी’ या शिक्क्याखाली परस्पर पिंगफांगला धाडत. आत शिरताच नाव जाई आणि क्रमांक मिळे. त्यांना जेवण चांगले दिले जाई. हे वाचून क्षणभर बरे वाटेल; पण त्याचे कारण एवढेच, की अशक्त माणसावर घेतलेले निरीक्षण भरवशाचे नसते. पिंगफांगमध्ये किमान तीन हजार माणसे मारली गेली. कैदी म्हणून आत गेलेला एकही जण जिवंत बाहेर आलेला नाही.

पिंगफांग एकटे नव्हते. चांगचुनला घोडे व जनावरांच्या रोगांवर काम करणारी १०० क्रमांकाची तुकडी होती, नानकिंगला १६४४, पेकिंगला १८५५, कँटनला ८६०४ आणि १९४२ नंतर सिंगापूरला ९४२०.

गोठलेले हात

मी पदार्थविज्ञान शिकवतो, म्हणून यांतील एका प्रयोगाकडे जरा थांबून पाहू. तो उष्णतेचा आहे.

हार्बिनला जानेवारीत पारा शून्याखाली ३० अंशांपर्यंत उतरू शकतो. अशा थंडीत सैनिकांच्या हातापायांची बोटे गोठतात. याला हिमदंश म्हणतात. आपल्या शरीराचा सुमारे दोन-तृतीयांश भाग पाणी आहे. रक्तपुरवठा आकसला, की बोटातली उष्णता बाहेर जाते पण आतून नवी येत नाही. पेशींच्या भोवतालच्या पाण्याचे स्फटिक बनू लागतात, पेशी आतून सुकतात आणि फाटतात. पुढे तो भाग काळा पडतो व कापावा लागतो. जपानी सेनेला सायबेरियाच्या सीमेवर लढायचे होते, म्हणून प्रश्न होता : गोठलेला हात पूर्ववत कसा आणावा? बर्फाने चोळावा, असा जुना समज होता. नेपोलियनच्या सैन्यातही १८१२ च्या रशियाच्या मोहिमेत हाच उपाय सांगितला जात असे.

हिसातो योशिमुरा या शरीरक्रियाशास्त्रज्ञाने पिंगफांगमध्ये याचे उत्तर शोधले. कैद्यांना हिवाळ्यात उघड्यावर नेऊन त्यांचे उघडे हात ओले करीत आणि वाऱ्यात गोठू देत. काठीने मारल्यावर लाकडासारखा आवाज आला म्हणजे हात गोठला, अशी खूण होती. मग वेगवेगळ्या तापमानांच्या पाण्यात ते हात वितळवून परिणाम टिपून घेत. उत्तर मिळाले : चोळू नये, शेकोटीशी धरू नये, ३७ अंश सेल्सियस किंवा थोड्या अधिक तापमानाच्या पाण्यात बुडवावे.

उत्तर बरोबर आहे. आजही डॉक्टर साधारण हेच करतात. पण आता तुमचे भौतिकीचे पुस्तक उघडा. एक ग्रॅम बर्फ वितळायला ८० कॅलरी उष्णता लागते. ही उष्णता लवकर आणि सर्व बाजूंनी सारखी द्यायला हवी, कारण हळूहळू वितळताना लहान स्फटिक एकमेकांना मिळून मोठे होतात आणि इजा वाढवतात. पाण्याची उष्णतावाहकता हवेच्या सुमारे २४ पट आहे, शिवाय पाण्याचे तापमान मोजून ठरवता येते. शेकोटीचे तसे नाही; आणि बधिर हाताला भाजल्याचे कळतही नाही. उत्तराची दिशा येथपर्यंत कागदावर निघते. पुढचे काम प्राण्यांवरील प्रयोगांनी आणि खऱ्या रुग्णांच्या काळजीपूर्वक नोंदींनी होते. तसे ते झालेही. अलास्कातील डॉ. विल्यम मिल्स यांनी १९६० च्या सुमारास हिमदंश झालेल्या गिर्यारोहकांवर आणि स्थानिक रहिवाशांवर उपचार करीत, त्यांचे हातपाय वाचवीत, ऊन पाण्याची रीत प्रस्थापित केली आणि उघडपणे प्रसिद्ध केली.

वर्गात हा विषय निघाला, की एखादा हुशार विद्यार्थी हमखास विचारतो, “सर, प्रयोग वाईट होते हे खरे, पण माहिती तर मिळाली ना?” प्रश्न टाळू नये. पण तो विचारताना मनात असे गृहीत असते, की दुसरा मार्गच नव्हता. मिल्स यांचे रुग्ण बरे होऊन घरी गेले.

पिसवांची गोष्ट

आता प्लेगकडे वळू. येथे आपल्या मुंबईचा संबंध येतो.

१८९४ मध्ये हाँगकाँगला प्लेगची साथ आली तेव्हा येरसाँ या स्विस-फ्रेंच शास्त्रज्ञाने प्लेगचा जंतू शोधला. जपानचे थोर जंतुशास्त्रज्ञ कितासातो हेही त्याच वेळी तेथे त्याच शोधात होते. दोन वर्षांनी प्लेग मुंबईत उतरला. डॉ. हाफकिन यांना सरकारने बोलावून घेतले. ग्रँट मेडिकल कॉलेजच्या एका खोलीत त्यांनी लस तयार केली आणि १० जानेवारी १८९७ रोजी ती पहिल्यांदा टोचून घेतली ती स्वतःला. त्यानंतर भायखळ्याच्या तुरुंगात साथ शिरली, तेव्हा पुढे आलेल्या कैद्यांना ती देण्यात आली. (कैद्याची ‘हो’ कितपत मोकळी असते, हा प्रश्न येथेही विचारता येईल आणि विचारावा.) लसीने पुष्कळांचे प्राण वाचले. हाफकिन यांचे नाव धारण करणारी संस्था परळला आहे.

प्लेग पसरतो कसा, हे मात्र अजून गूढ होते. ते उकलले पॉल-लुई सिमाँ या फ्रेंच डॉक्टराने, १८९८ साली, तेव्हाच्या मुंबई इलाख्यातील कराचीत. त्याचा प्रयोग पाहण्यासारखा आहे. मोठ्या काचपात्रात त्याने प्लेगने आजारी, अंगावर पिसवा असलेला उंदीर ठेवला. वर जाळीच्या पिंजऱ्यात निरोगी उंदीर टांगला, असा की दोघांचा स्पर्श होऊ नये. मधले अंतर फक्त पिसूच उडी मारून ओलांडू शकत होती. काही दिवसांत निरोगी उंदीर प्लेगने मेला. सिमाँचे म्हणणे बरीच वर्षे कोणी मानले नाही. पुढे १९०५ पासून मुंबईतच प्लेग संशोधन आयोगाने अनेक प्रयोग करून ते पक्के केले. त्यानंतर उंदीर मारणे, घरे धूर देऊन स्वच्छ करणे या उपायांना अर्थ आला.

हीच माहिती चाळीस वर्षांनी पिंगफांगच्या टेबलावर होती. तेथे पिसवांची पैदास हे एक खातेच होते आणि उंदीर पकडण्याची मोहीम हे दुसरे. सिमाँने पिसू ओळखली ती तिला थांबवण्यासाठी. इशीने ती पोसली. धातूच्या बाँबच्या स्फोटाची उष्णता जंतूंना आणि पिसवांना मारून टाकते, म्हणून त्याच्या लोकांनी चिनी मातीचे बाँबकवच केले. आंदा येथील चाचणीच्या मैदानावर कैद्यांना खांबांना बांधून अशा बाँबची परीक्षा घेतली गेली.

मग खऱ्या शहरांची पाळी आली. २७ ऑक्टोबर १९४० रोजी निंगबो या बंदरावर एक जपानी विमान खालून उडत गेले आणि बाँबऐवजी गव्हाचे दाणे पडले. दाण्यांबरोबर पिसवा होत्या. काही दिवसांतच भरवस्तीत प्लेग सुरू झाला आणि शंभराहून अधिक माणसे मेली. शहराच्या त्या भागाला भिंत घालण्यात आली आणि शेवटी घरे जाळून टाकावी लागली. पुढल्या वर्षी ४ नोव्हेंबरला हुनान प्रांतातील चांगदे शहरावर असाच वर्षाव झाला. १९४२ मध्ये चेजियांग आणि जियांगशी या प्रांतांत जंतू पसरवले तेव्हा ते जपानच्याच सैनिकांना बाधले. जंतूला गणवेश ओळखता येत नाही, एवढी साधी गोष्ट मोठमोठ्या जंतुशास्त्रज्ञांच्या ध्यानात आली नाही.

शोधनिबंधातील ‘माकड’

या तुकडीतील संशोधकांनी आपले काही निष्कर्ष जपानी वैद्यकीय नियतकालिकांत प्रसिद्धही केले. रक्तस्रावी ज्वरावरील अशा निबंधात प्रयोगाचा प्राणी म्हणून ‘माकड’ असे लिहिले आहे. माकडाची जात मात्र दिलेली नाही. प्राण्यांवर काम करणारा शास्त्रज्ञ जात लिहिल्याशिवाय राहत नाही. ती लिहिली नाही तर दुसऱ्याला तो प्रयोग करून पाहता येणार नाही. पुढे इतिहासकारांनी दाखवून दिले, की ही ‘माकडे’ माणसे होती.

मला या साऱ्या प्रकरणात हा एक शब्द फार बोलका वाटतो. ज्याने तो लिहिला त्याला आपण काय केले हे ठाऊक होते, आणि वाचकाला ते कळू नये हेही ठाऊक होते. विज्ञानात निरीक्षण खरे लिहायचे असते, ही पहिली अट. ‘साहित्य’ या मथळ्याखालीच खोटे लिहावे लागले, तेव्हा त्याखालच्या तक्त्यांवर विश्वास ठेवायचा तो कशाच्या बळावर?

सौदा

९ ऑगस्ट १९४५ रोजी सोव्हिएत फौजा मांचुरियात घुसल्या. इशीच्या हुकमावरून उरलेले सर्व कैदी मारण्यात आले, इमारती सुरुंगाने उडवण्यात आल्या आणि नोकरवर्ग आगगाड्यांनी हलवला गेला. हे गुपित मरेपर्यंत सांभाळा, अशी त्याने आपल्या माणसांना तंबी दिली. वीजघराची धुराडी मात्र पुरती पडली नाहीत. त्यांचे अवशेष आजही पिंगफांगला उभे आहेत आणि तेथे आता संग्रहालय आहे.

जर्मनीत अशाच प्रयोगांबद्दल न्युरेंबर्ग येथे अमेरिकी न्यायालयात २३ जणांवर खटला चालला. ऑगस्ट १९४७ मध्ये निकाल लागला : १६ दोषी, त्यांतील ७ जणांना फाशी. त्या निकालपत्रात न्यायाधीशांनी मानवी प्रयोगांसाठी दहा नियम घालून दिले. पहिलाच नियम असा, की ज्याच्यावर प्रयोग करायचा त्याची स्वेच्छेने दिलेली संमती अत्यावश्यक आहे, आणि ती त्याला सर्व धोके समजावून सांगितल्यावर, कसलीही जबरदस्ती न होता मिळालेली असली पाहिजे.

आणि त्याच वर्षी, त्याच अमेरिकेचे शास्त्रज्ञ टोकिओत इशी व त्याच्या सहकाऱ्यांकडून माहिती गोळा करीत होते. मेरीलँडमधील कँप डेट्रिक येथे अमेरिकेचे स्वतःचे जंतुयुद्ध केंद्र होते. तेथून एकामागून एक तपासनीस आले. मे १९४७ मध्ये जनरल मॅकआर्थर यांच्या मुख्यालयाने वॉशिंग्टनला कळवले, की खटला होणार नाही अशी हमी दिली तर हे लोक अधिक बोलतील. लोक बोलले. दोनशेहून अधिक मृत माणसांच्या अवयवांच्या सुमारे आठ हजार काचपट्ट्याही हाती आल्या. डिसेंबर १९४७ मधल्या एका अहवालात एडविन हिल या तपासनीसाने हिशेबच मांडला आहे : सगळी माहिती मिळवायला आपल्याला अडीच लाख येन खर्च आला, मूळ संशोधनाच्या खर्चापुढे ही रक्कम किरकोळ आहे, आणि मानवी प्रयोगांबाबत आपल्याकडे जो संकोच आहे त्यामुळे ही माहिती आपल्या प्रयोगशाळांत मिळालीच नसती. संकोच स्वतःचा शाबूत ठेवायचा आणि दुसऱ्याने तो सोडून मिळवलेला माल विकत घ्यायचा, असा हा व्यवहार होता.

टोकिओच्या युद्धगुन्हे न्यायालयात अकरा न्यायाधीश होते; भारताचे राधाबिनोद पाल त्यांत होते. हा पुरावा त्या न्यायालयापुढे मांडलाच गेला नाही. डच न्यायाधीश रोलिंग यांनी पुढे अनेक वर्षांनी त्याबद्दल जाहीर खेद व्यक्त केला.

सोव्हिएत सरकारने मात्र डिसेंबर १९४९ मध्ये खाबारोव्स्क येथे आपल्या ताब्यातील बारा जपान्यांवर खटला चालवला आणि २ ते २५ वर्षांच्या शिक्षा दिल्या. शिक्षा भोगणारे १९५६ पर्यंत मायदेशी परतले. त्या खटल्याचा वृत्तांत छापून निघाला तेव्हा पाश्चात्त्य देशांनी त्याला प्रचार म्हणून उडवून लावले. पुढे अमेरिकेची स्वतःची गुप्त कागदपत्रे खुली झाली आणि त्यांतील हकिगत खाबारोव्स्कच्या साक्षींशी मुख्य मुद्द्यांवर जुळली. दोन वेगळ्या उपकरणांनी, दोन वेगळ्या माणसांनी घेतलेली वाचने जुळली तर आपण ती खरी मानतो. येथे तर वाचने घेणारे दोघे एकमेकांचे कट्टर विरोधक होते.

इशी १९५९ साली घशाच्या कर्करोगाने वारला. त्याच्यावर खटला कधीच झाला नाही. योशिमुरा पुढे क्योतोच्या एका वैद्यकीय विद्यापीठाचा अध्यक्ष झाला. रियोइची नाइतो याने १९५० साली एक रक्तपेढी काढली आणि तिची मोठी औषधकंपनी झाली.

दोन डॉक्टर, १९४२

या गोष्टीला आणखी एक बाजू आहे. सगळे जपानी डॉक्टर ७३१ मध्ये नव्हते. केन युआसा हा तरुण डॉक्टर १९४२ च्या आरंभी शान्शी प्रांतातील एका लष्करी रुग्णालयात रुजू झाला. तेथे नव्या डॉक्टरांना शस्त्रक्रियेचा सराव व्हावा म्हणून निरोगी चिनी कैदी टेबलावर आणले जात. युआसाने त्यात भाग घेतला. युद्धानंतर चीनच्या तुरुंगात असताना त्याने ते लिहून दिले, १९५६ साली सुटून जपानला परतला आणि पुढे २०१० मध्ये मरेपर्यंत शाळा-सभांतून ते सांगत राहिला. आपल्याला त्या वेळी अपराधी वाटले नाही, हेही तो सांगे.

त्याच वर्षी, शेजारच्या हबे प्रांतातील एका खेड्यात, सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस चिनी सैनिकांवर शस्त्रक्रिया करीत होते. १९३८ साली हिंदुस्थानातून गेलेल्या पाच डॉक्टरांच्या पथकात ते होते, नागपूरचे डॉ. चोळकरही त्यात होते. औषधे अपुरी, साधने तुटपुंजी, शत्रूच्या भीतीने रुग्णालय वारंवार हलवावे लागे. ९ डिसेंबर १९४२ रोजी, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी, कोटणीस तेथेच वारले. शरीररचनाशास्त्र दोघेही साधारण सारखेच शिकले होते.

जपानी लोकच असे, असा मात्र निष्कर्ष काढू नका. अमेरिकेत टस्कीगी येथे १९३२ पासून १९७२ पर्यंत, उपदंश झालेल्या निग्रो शेतमजुरांना आजाराचे नाव न सांगता आणि औषध न देता केवळ निरीक्षणाखाली ठेवले होते, आणि ते सरकारी आरोग्यखात्याने केले होते. शिवाय ७३१ चा पाठपुरावा ज्यांनी चिकाटीने केला त्यांतले पुष्कळ जण जपानीच आहेत. १९८१ मध्ये इतिहासकार केइची त्सुनेइशी आणि कादंबरीकार सेइची मोरिमुरा यांची पुस्तके निघाली आणि सामान्य जपानी वाचक हादरला. जुलै १९८९ मध्ये टोकिओत लष्करी वैद्यकीय महाविद्यालयाच्या जुन्या जागेवर खोदकाम करताना अनेक माणसांची हाडे सापडली, तेव्हा त्यांची तपासणी व्हावी म्हणून नागरिकांनी सरकारकडे तगादा लावला. २००२ साली टोकिओच्या जिल्हा न्यायालयाने चिनी फिर्यादींना भरपाई नाकारली, पण जंतुयुद्ध झाले होते हे निकालात मान्य केले. २०१८ मध्ये जपानच्या राष्ट्रीय अभिलेखागाराने, एका जपानी प्राध्यापकाच्या मागणीवरून, ७३१ मधील ३,६०७ जणांची नावे खुली केली. त्यांत डॉक्टर, परिचारिका आणि अभियंतेही आहेत.

यांपैकी एका माणसाची हकिगत तुमच्या जवळची आहे, कारण ती शाळेच्या पुस्तकाविषयी आहे. साबुरो इएनागा हे इतिहासाचे प्राध्यापक, माध्यमिक शाळांसाठी क्रमिक पुस्तक लिहीत. जपानमध्ये अशी पुस्तके शिक्षणखात्याकडून तपासून घ्यावी लागतात. १९८३ साली त्यांनी पुस्तकात ७३१ तुकडीविषयी थोडा मजकूर घातला : तिने हजारो चिनी व इतर लोकांवर जिवंतपणी प्रयोग करून त्यांना मारले, असा त्याचा आशय. या विषयावर अजून पुरेसे विश्वसनीय संशोधन नाही, असे कारण देऊन खात्याने तो मजकूर संपूर्ण काढायला लावला. इएनागा न्यायालयात गेले. क्रमिक पुस्तकांच्या तपासणीविरुद्ध त्यांचा लढा १९६५ पासूनच चालू होता. हा त्यांतला तिसरा दावा. जिल्हा न्यायालय, उच्च न्यायालय, सर्वोच्च न्यायालय असा प्रवास होऊन २९ ऑगस्ट १९९७ रोजी निकाल लागला. ७३१ तुकडीचा मजकूर काढायला लावणे बेकायदेशीर होते, असे न्यायालयाने ठरवले आणि सरकारने इएनागांना चार लाख येन द्यावेत असा हुकूम केला. त्या वेळी त्यांचे वय ८३ होते.